वनस्पतिप्रिय शब्दाचं वाक्य

बाई, तुम्ही गेलात त्याला आता इतकी वर्षं झाली की तुमचं शेवटचं वय मी कधीच मागे टाकलं. नगरला सावेडीत राहते. शाळेतून निवृत्त होऊनही बरेच दिवस झाले. मागच्या आठवड्यात वरच्या मजल्यावरची मुलगी मोबाईल हातात घेऊन खाली आली. शेतकी कॉलेजात शिकते ती. म्हणाली, "आजी, तुम्ही सायन्सच्या टीचर होतात ना? फायटोफिलस म्हणजे मराठीत काय हो?" मी कणीक मळत होते. हात न थांबवता म्हटलं, "वनस्पतिप्रिय." तिने ते टिपून घेतलं आणि जाता जाता विचारलं, "म्हणजे झाडं खाणारे किडे, बरोबर?" तेव्हा मात्र माझे हात थांबले. "नाही गं," मी म्हटलं, "खाणारे वेगळे. बस जरा, सांगते." पण तिचा मोबाईलवर क्लास होता. ती धडधड जिना चढून गेली आणि तिला जे सांगायचं होतं ते माझ्याजवळच राहिलं. पोळ्या झाल्या, भांडी झाली, दुपारी आडवी झाले, तरी ते जाईना. शेवटी वही घेऊन बसले. सांगायचं तर ज्यांच्याकडून शिकले त्यांनाच सांगावं. यातलं बरंचसं तुम्हाला ठाऊकच आहे. थोडंसं नाही.

तुमच्या घरी मी पहिल्यांदा आले ती अक्षरामुळे. बी.एस्सी.चं दुसरं वर्ष होतं. जर्नलमध्ये झुरळाची पचनसंस्था काढायची आणि भागांची नावं इंग्रजीत लिहायची. मला स्पेलिंगची धास्ती, म्हणून मी आधी पेन्सिलीने मराठीत नावं लिहून ठेवी आणि मग एकेक खोडून त्यावर इंग्रजी लिही. एकदा खोडायचं राहून गेलं. तुम्ही जर्नल उघडलंत, चष्मा वर सरकवलात आणि भर प्रयोगशाळेत विचारलंत, "हे अक्षर कुणाचं आहे?" मी उभी राहिले. आता जर्नल फाडणार, असंच वाटलं. तुम्ही म्हणालात, "संध्याकाळी घरी ये. स्टेशनच्या मागे, चर्च ओलांडलं की तिसरं घर." एवढंच. श्रीरामपुरात मी आत्याकडे राहत होते. तिला सांगितलं, तर ती म्हणाली, "बोलावलंय तर जा. पण त्यांच्यात काही खाऊ नकोस." मी मान हलवली, आणि तासाभरात तुमच्या स्वयंपाकघरात बसून तुमच्या आईच्या हातची नानकटाई खात होते. घरी जाऊन आत्याला सांगितलं, नुसतं पाणी प्यायले. पुढे दीड वर्ष मी आत्याच्या हिशेबाने तुमच्याकडे नुसतं पाणीच पीत होते.

ते स्वयंपाकघर मला अजून जसंच्या तसं दिसतं. मधोमध लाकडी टेबल, त्यावर फुलाफुलांचं मेणकापड, एका कोपऱ्यात कपाची जळकी खूण. आमच्या घरी टेबल नव्हतं. खुर्चीवर बसून खायचं म्हणजे मला कुणीतरी परीक्षा घेतंय असं वाटायचं. तुमच्या आई स्टोव्हपाशी स्टुलावर बसलेल्या असतात, गुडघे दुखतात म्हणून पाय लांब केलेले, आणि कान आमच्या बोलण्याकडे. तुम्ही टेबलावरचा मसाल्याचा डबा बाजूला सारता आणि बुटाच्या खोक्यातून कार्डं काढता. तेव्हा विज्ञान मराठीतून शिकवायचं घाटत होतं आणि त्यासाठी शब्द हवे होते. कुठल्याशा समितीने प्राणिशास्त्राच्या शब्दांची एक लांबलचक यादी तुमच्याकडे पाठवली होती. एका शब्दाला एक कार्ड. वर इंग्रजी शब्द, खाली मराठी शब्द, त्याखाली अर्थ. समितीने एवढंच मागितलं होतं. चौथी ओळ तुमची स्वतःची. त्या ओळीत तो शब्द वापरून एक वाक्य लिहायचं. "वाक्यात नीट बसत नाही तोवर शब्द कळला असं म्हणू नकोस," तुम्ही म्हणायचात. तुमचं सगळं शिक्षण मिशनच्या इंग्रजी बोर्डिंगात झालेलं. मराठी बोलायचात फार गोड, पण लिहायला बसलात की अक्षरं ओळ सोडून पळायची. म्हणून मी.

तो शब्द आला तेव्हा थंडी सरत आली होती. बहात्तर साल कोरडं गेलं होतं आणि गावाकडून येणाऱ्या प्रत्येकाच्या तोंडी तेच होतं, पण श्रीरामपुरात कालव्याच्या कृपेने उसाच्या गाड्या चालूच होत्या, त्यामुळे दुष्काळ मला ऐकूनच ठाऊक होता. यादीत तुम्ही बोट ठेवलंत: फायटोफिलस. तुम्ही चहा ओतायला उठलात तेवढ्यात मी शहाणपणाने लिहून टाकलं, ‘वनस्पतिभक्षक’. अर्थ: वनस्पती खाणारे. तुम्ही कार्ड उचललंत, वाचलंत आणि माझ्याकडे न बघता त्याचे दोन तुकडे केलेत. मी तुमच्या हातून फाटलेलं पाहिलेलं ते एकच कार्ड.

"फिलस म्हणजे काय?"

"आवडणारा, बाई."

"मग भक्षक कुठून आणलंस?"

मला राग आला होता. अक्षर फाडलं म्हणून. म्हटलं, "किडा झाडावर जातो तो खायलाच ना? आवडतं म्हणूनच खातो."

"तुला तुझी आई आवडते ना? मग तिला खातेस का?"

स्टोव्हजवळून तुमच्या आई म्हणाल्या, "खातातच की पोरं! मीच बघ ना किती उरलेय." आणि स्वतःच खो खो हसल्या. तुम्हीही हसलात, तुमचा राग उतरला, पण माझा उतरला नव्हता. मग तुम्ही समजावून सांगितलंत. झाड खाणाऱ्यांसाठी वेगळा शब्द आहे, तो आपण मागेच केला. हा शब्द जवळ राहणाऱ्यांचा आहे. फुलात पांढरा कोळी दबा धरून बसतो, तो माशा खातो, फुलाला तोंडही लावत नाही, पण फुलाशिवाय त्याचं चालत नाही. काही जीव पानाआड लपतात, काही खोडावर घर करतात, काही मासे पाण्यातल्या पाल्यावरच अंडी घालतात. "खात नाहीत आणि सोडतही नाहीत, अशांना काय म्हणायचं?" तुम्ही विचारलंत. मी कार्डाचे तुकडे जुळवत बसले. तुम्ही म्हणालात, "ठीक आहे. बघून येऊ. बघितल्याशिवाय हे वाक्य तुला सुचायचं नाही."

तशा आपण रविवारी एस.टी.ने राहुरीला आणि तिथून दुसऱ्या गाडीने धरणाकडे गेलो. तुम्ही चर्चला न जाता माझ्याबरोबर आलात, याचं मला तेव्हा काहीच वाटलं नाही. धरणाच्या पायथ्याशी मत्स्यबीज तयार करायची छोटी चौकोनी तळी होती. तिथला कामगार माझ्या वडिलांच्या, अण्णांच्या वयाचा, खाकी अर्धी चड्डी घालून कमरेइतक्या पाण्यात उभा. तुम्ही त्याला ‘मामा’ म्हणालात, तसा तो पाण्यातूनच हात जोडून हसला. तळ्यात कापडाची लांबट पेटी बांधली होती, तिला तो हापा म्हणत होता. त्यात पोट फुगलेली मादी आणि नर सोडलेले, आणि वर हिरवागार पाला अंथरलेला, पाण्यातच उगवणारा, मऊ, बोटाएवढ्या लांब पेरांचा.

"पाला कशाला, मामा?" तुम्ही विचारलंत. तुम्हाला माहीत होतं. मला ऐकवायचं होतं.

"त्याबिगर ह्यो मासा अंडीच टाकत न्हाई, बाई. पाला न्हाई दिसला तर मादी दोन-दोन दिस तशीच फिरती. पोट दुखत आसंल, पन टाकत न्हाई. पाला टाकला की तासाभरात मोकळी."

"खातो का तो पाला?"

"छ्या! चिखलातलं खातो त्यो. पाल्याला फकस्त जीव लावतो."

त्याने पाल्याची एक डहाळी वर काढून माझ्या ओंजळीत ठेवली. तिच्या पानापानाला राजगिऱ्याएवढी, पिवळसर, आरपार दिसणारी अंडी चिकटली होती. तुम्ही पिशवीतून भिंग काढलंत. एका अंड्यात काळे ठिपके दिसत होते, दोन. "डोळे आहेत ते," तुम्ही म्हणालात. मी श्वास रोखून बघत राहिले. अंडी सुकतील म्हणून मामांनी डहाळी लगेच परत घेतली, तरी माझी ओंजळ तशीच पसरलेली होती. तुम्ही ती दोन्ही हातांनी मिटवलीत. तुमच्या हातांना त्या दिवशी साबणाचा वास येत होता. त्या साबणाचं नाव मी कधी विचारलं नाही.

परत येताना जे झालं ते तुम्हाला अर्धंच ठाऊक आहे. वाटेत रस्त्याचं दुष्काळी काम चाललं होतं. कडेला खडीचे लांबच लांब ढीग, प्रत्येक ढिगामागे एक बाई, डोक्यावर पोत्याची सावली केलेली. समोरून ट्रक आला म्हणून आपली गाडी थांबली. मी खिडकीशी होते. खाली, हात लांब केला असता तर लागला असता एवढ्यावर, माझी आई हातोडी घेऊन बसली होती. आमचं गाव त्याच भागातलं, डोंगराच्या कडेचं, कालवा तिथवर कधी पोचला नाही. अण्णा गुरं घेऊन छावणीवर गेलेत हे मला माहीत होतं. आई खडीवर जाते हे मला कुणी कळवलं नव्हतं. आमच्या घरची बाई दुसऱ्याच्या बांधावरसुद्धा कधी गेली नव्हती. गाडीच्या आवाजाने तिने मान वर केली. मला पाहिलं. तिचं तोंड एकदम उजळलं, आणि मग तिची नजर माझ्या शेजारी बसलेल्या तुमच्याकडे गेली, तुमच्या पांढऱ्या साडीकडे, चष्म्याकडे. तिने पदर पुढे ओढला, मान खाली घातली आणि हातोडी उचलली. तिला वाटलं, आपल्यामुळे पोरीला खाली बघावं लागेल. आणि मी खिडकीपासून मागे सरकले. तुम्ही विचारलंत, "कुणी ओळखीचं आहे का?" मी म्हटलं, "नाही."

गाडी सुरू झाली. श्रीरामपूर येईपर्यंत तुम्ही त्या माशाबद्दल बोलत होता आणि मी हं हं करत होते. टेबलाशी बसून तुम्ही शब्द सांगितलात, ‘वनस्पतिप्रिय’, आणि मी तो लिहिला. वाक्याची ओळ कोरी ठेवलीत. म्हणालात, "हे वाक्य तू करायचं. घाई नाही." दोन दिवस मी कॉलेजात आले, तुमच्या तासाला बसले, आणि फळ्याकडे बघताना मला फक्त पदर दिसायचा. तिसऱ्या दिवशी आत्याला म्हटलं, आईला बरं नाही, आणि पहाटेच्या गाडीने गावाला गेले. तुम्हाला चिठ्ठीसुद्धा ठेवली नाही. काय लिहिणार होते? घरी न जाता थेट रस्त्यावर गेले. मुकादमाला नाव सांगितलं, हातोडी घेतली आणि आईशेजारी जाऊन बसले. आई माघारी जा म्हणत राहिली, मी हातोडी सोडली नाही. घरी गेल्यावर भाकरी वाढताना म्हणाली, "त्या दिशी गाडीत तूच हुतीस का? मला नीट दिसलं न्हाई." मी म्हटलं, "मीच होते." ती म्हणाली, "वाळली लई तू." बस. त्यापुढे आम्ही दोघी त्या खिडकीबद्दल कधी बोललो नाही.

तीन आठवडे मी खडी फोडली. हाताला फोड आले, फुटले, कातडी घट्ट झाली. दुपारी सुकडी मिळायची, ती कोरडी, गोडसर भरड पदरात घेऊन सगळ्या बायका बाभळीखाली जमायच्या. मला वाटलं, झालं, आता हेच. आणि मग एका दुपारी लांबून एक काळी छत्री येताना दिसली. छत्रीखाली तुम्ही. आत्याकडून गावाचं नाव घेऊन, फाट्यावर उतरून, मला विचारत विचारत तेवढं अंतर उन्हातून चालत आला होता. चपलेचा अंगठा तुटला होता, तो रुमालाने बांधलेला. तुम्ही ढिगामागून ढीग बघत आलात आणि माझ्यासमोर थांबलात. मग आईकडे पाहिलंत. बराच वेळ पाहिलंत. तुम्हाला तो रस्ता, ती जागा आणि माझं ते ‘नाही’ आठवलं, हे मला तुमच्या चेहऱ्यावर दिसलं. पण तुम्ही त्याबद्दल त्या दिवशी काही बोलला नाहीत, नंतरही कधी नाही. छत्री मिटलीत आणि आईशेजारी खडीवरच बसलात.

आई गडबडून गेली. "आवो बाई, साडी मळंल तुमची."

"मळू दे. तुमची लेक कॉलेजात येत नाही म्हणून आलेय."

"मला इचारून आली न्हाई वो ती. सकाळी पाहते तर ही हातोडी घिऊन बसलेली. लई सांगितलं, जा माघारी. म्हनती, तू खडी फोडायची आन् म्या पुस्तकं वाचायची व्हय?"

तुम्ही माझ्याकडे वळलात. "आणि कार्डांचं काय?"

"दुसऱ्या कुणाला तरी द्या, बाई."

"दुसऱ्याचं अक्षर मला चालणार नाही." मग पिशवीतून ते बुटाचं खोकं काढलंत आणि माझ्या मांडीवर ठेवलंत. सुटी झाली होती, तशा बायका गोळा झाल्या. काय लिवती ही, म्हणून वाकून बघायला लागल्या. तुम्ही त्यांना बसायला सांगितलंत आणि सगळ्यात वरचं कार्ड वाचून दाखवलंत. वनस्पतिप्रिय. मासा सांगितलात, पाला सांगितलात, मामा काय म्हणाले ते सांगितलंत. कोळ्याचंही सांगितलंत. तुम्ही वर्गातही इतक्या रंगून शिकवल्याचं मला आठवत नाही. आमच्या शेजारच्या ढिगावरची म्हातारी, जिला एका डोळ्याने दिसत नसे, ती सगळं ऐकून म्हणाली, "म्हंजी पाला खात न्हाई, पन पाल्याबिगर ऱ्हात न्हाई. आसंच ना?" तुम्ही टाळीच वाजवलीत. "असंच! अगदी असंच. लिही." मी लिहिलं. हातात पेन धरवत नव्हतं, अक्षर वाकडं आलं. ‘वनस्पतिप्रिय मासा पाला खात नाही, पण पाल्यावाचून राहत नाही.’ तुम्ही ते वाचून म्हातारीला दाखवलंत. तिने त्यावर बोट फिरवलं. मग एकीने विचारलं, कपाशीवर चिकट पडतं तो मावा यात बसतो का? तुम्ही म्हणालात, नाही, तो शोषून घेतो, तो खाणाऱ्यांत. दुसरीने गोचिडीचं विचारलं, तिसरीने उंबरातल्या किड्यांचं. मुकादमाने शिट्टी वाजवली तरी कुणी उठेना.

शेवटी आईच उठली. पदर खोचत म्हणाली, "बाई, हिला घिऊन जा तुमी. हितं ठिवून काय उपेग न्हाई. हिच्याच्यानं खडी बी नीट फुटत न्हाई. मोठाले दगड तसंच ढिगात टाकती, आन् मुकादम मला बोलतो." सगळ्यांसमोर म्हणाली. माझे डोळे भरून आले. तीन आठवडे हात सोलवटून घेतले होते मी. मी हातोडी टाकली आणि तिच्याकडे न बघता तुमच्या पुढे चालायला लागले. गाडीची वाट बघत आपण लिंबाखाली उभ्या होतो तेव्हा तुम्ही म्हणालात, "तू फोडलेली खडी मी बघितली. चांगली होती. एकसारखी होती." मला कळायला दोन क्षण लागले. मग मी मागे वळून पळत सुटणार होते, पण तुम्ही दंड धरलात. "आता नको. आता गेलीस तर ती तुला पुन्हा पाठवायला आणखी काहीतरी बोलेल, आणि ते तिला जड जाईल." मी रस्त्यातच बसून रडले. तुम्ही माझ्यावर छत्री धरून उभ्या राहिलात. गाडी आली, थांबली, कंडक्टर ओरडला, तुम्ही त्याला म्हणालात, "एक मिनिट थांबा हो, मुलीला बरं नाही." आणि तो थांबला.

मी परीक्षेला बसले. पुढच्या वर्षी पाऊसही बरा झाला. अण्णा गुरं घेऊन परत आले. मी बी.एस्सी. झाले, बी.एड. झाले, नगरला शाळेत लागले. कार्डांचं काम मात्र त्या उन्हाळ्यातच आपण संपवलं होतं. शेवटचं कार्ड लिहिलं तेव्हा तुमच्या आईंनी शेवया केल्या होत्या. समितीची पुस्तिका छापून आली, ती घेऊन तुम्ही रेल्वेने नगरला आलात. मधली सुटी होती. शाळेच्या आवारातल्या बाकावर बसून आपण पानं उलटली. दोन रकाने: इंग्रजी शब्द, मराठी शब्द, आणि बारीक टाईपात अर्थ. वनस्पतिप्रिय होता, बरोबर जागेवर होता. वाक्यं नव्हती. एकही नाही. "जागा नव्हती म्हणतात," तुम्ही म्हणालात. मग पुस्तिका मिटलीत. "अर्थ ठेवला आणि वापर काढून टाकला. मुलांनी शब्द पाठ करायचे, झालं." मी तुम्हाला इतकं खचलेलं त्याआधी पाहिलं नव्हतं. घंटा झाली. मला तासावर जायचं होतं. तुम्ही विचारलंत, "सुटीत येशील? वाक्यं पुन्हा काढू. छापायला नाही, आपल्यासाठी." मी म्हटलं, येईन की.

आले मी. एक उन्हाळा पूर्ण आले, दुसऱ्या उन्हाळ्यात आठ दिवस. मग लग्न झालं. सासर नगरचंच, पण घरात माणसं खूप आणि मुलं पाठोपाठ. तुमच्या आई गेल्या तेव्हा तासभर येऊन गेले. तुम्ही दिवाळीला कार्ड पाठवायचात, त्यात एखादा शब्द असायचा आणि खाली वाक्यासाठी जागा. सुरुवातीला मी भरून पाठवायची. मग उशिरा पाठवायची. मग कार्डं कपाटात साठत गेली आणि मी स्वतःला सांगत राहिले की सुटीत एकदम जाऊन बसू. वर्गात मात्र मी तुमच्याच पद्धतीने शिकवलं, एवढं सांगते. शब्द फळ्यावर लिहिला की वाक्य मागायची. पोरं कंटाळायची. एखादीच्या तोंडून असं वाक्य यायचं की मला वाटायचं, हे बाईंना कळवायला हवं. कळवलं नाही.

आज सगळ्यात जास्त काय आठवतं सांगू? तुमच्याकडचं ते टेबल नाही, मासा नाही. त्या फाट्यावरची तुमची सावली आठवते. ऊन माझ्या डोक्यावर येऊ नये म्हणून छत्री माझ्यावर धरून तुम्ही स्वतः उन्हात उभ्या होता, आणि मला ते रडून झाल्यावर दिसलं. तेवढ्या वेळात तुमच्या तोंडावरून घाम वाहायला लागला होता. इतक्या वर्षांत मला पुष्कळांनी जीव लावला, नवऱ्याने, मुलांनी. पण ‘आता जाऊ नकोस’ असं म्हणून दंड धरणारं कुणी राहिलं नाही. आई गेली, तुम्ही गेलात. कधी कधी संध्याकाळी खुर्चीत बसलेली असताना उगाच वाटतं, दारावर कुणी येईल आणि विचारेल, कार्डांचं काय झालं. श्रीरामपूरला मागे एका लग्नाला गेले होते. स्टेशनच्या मागे चालत गेले. चर्च आहे. तिसऱ्या घराच्या जागी मोबाईलचं दुकान आणि वर गाळे. हे पत्र टाकायचं म्हटलं तरी पत्ता काय लिहू?

आता ते थोडंसं, जे तुम्हाला ठाऊक नाही. तुम्हाला अर्धांगाचा झटका आला, तेव्हा तुमच्या भाच्याच्या हातचं पत्र आलं. त्याने लिहिलं होतं, "मावशीचा उजवा हात चालत नाही. बोलणं कळतं, पण शब्द मध्येच अडतात. तुमचं नाव घेते आणि म्हणते, तिला दोन दिवस बोलव, थोडी वाक्यं राहिली आहेत, तिच्याकडून लिहून घ्यायची आहेत." मी ते पत्र तीनदा वाचलं. पिशवीसुद्धा भरली होती, दोन साड्या आणि नवं पेन. मग पलंगावर बसले आणि मला तुम्ही दिसायला लागलात, शब्द शोधत असलेल्या. तुम्ही. मी पिशवी रिकामी केली आणि भाच्याला पोस्टकार्ड लिहिलं की शाळेत तपासणी आहे, सुटी मिळत नाही, पुढच्या महिन्यात नक्की येते, बाईंना सांगा. पुढचा महिना आला त्याआधी तुम्ही गेलात. मातीला आले. भाचा म्हणाला, "तुमचं कार्ड वाचून दाखवलं मावशीला. म्हणाली, तपासणी असते शाळेत, तिला त्रास देऊ नका."

तपासणी नव्हती, बाई.